थेंब कोणाच्या हातचा

लोकांच्या घरी गेल्यावर माणसं पाणी मागतात, फार तर चहा मागतात. आमच्या मजल्यावरचे साळवेकाका टूथपेस्ट मागतात. दात घासायला नाही, बघायला. मी ती आणून दिली की काका चष्मा कपाळावर चढवतात, ट्यूब दोन बोटांत धरून शेपटीकडून तोंडाकडे एकदा अंगठा फिरवतात आणि निकाल देतात, "गुरुवार. सकाळी. तुझं भागेल, नितीनचं नाही भागणार."

नितीन माझा नवरा. गुरुवारी सकाळी मी दात घासून बाहेर आले आणि पाठोपाठ आतून त्याची हाक आली, "विद्या, पेस्ट संपलीये." पहिल्यांदा असं झालं तेव्हा आम्ही हसलो. तिसऱ्यांदा काकांनी गुरुवार सांगितला तेव्हा नितीन माझ्याआधी उठून बाथरूममध्ये घुसला. त्या दिवशी माझे दात मिठाने घासले गेले. खाली उतरताना काका जिन्यात भेटले आणि म्हणाले, "आज तुझी राहिली ना? मला वाटलंच होतं, नितीन फार दिवस ऐकून नाही घेणार."

घरातली कुठलीही वस्तू कधी संपणार, हे साळवेकाकांना कळतं. गॅसचा सिलिंडर ते हलवून बघत नाहीत, कारण तो सगळेच हलवतात. काका त्याच्यापुढे उकिडवे बसतात, मधल्या बोटाच्या पेराने वरपासून खालपर्यंत टकटक करतात आणि कान देतात. मग सांगतात, "एकादशी गाठेल. साबुदाणा भिजव, पण खिचडीचा शब्द कोणाला देऊ नकोस." आकड्यात ते कधीच बोलत नाहीत. अमुक इतके दिवस पुरेल असं म्हणणारा माणूस त्यांच्या मते नवशिका. त्यांचा झाडू दसऱ्यापर्यंत असतो, छत्री दहीहंडीपर्यंत. एकदा माझ्या नवऱ्याकडे बराच वेळ बघून ते म्हणाले होते, "नितीनचे केस दिवाळी बघतील. होळीचं नाही सांगता येत." नितीन अजून त्यांच्यासमोर टोपी घालून जातो.

ही कला त्यांना दोन ठिकाणी मिळाली. नोकरी ठाण्याला, खोपटच्या एसटी डेपोत, स्टोअरमध्ये. गाडी फाटकातून आत वळताना जो आवाज करायची त्यावरून काका तिचे ब्रेक कुठवर जातील ते सांगायचे, आणि ड्रायव्हर लोक त्यांना देवासारखं घाबरून असायचे. त्याआधीचा अभ्यास दिव्यातला, म्हणजे दिवा स्टेशनजवळचा. लग्नानंतरची पहिली बरीच वर्षं काका-काकूंनी दिव्यात काढली आणि तिथे पाणी त्याच्या मर्जीने यायचं. "पिंपाला कान लावून झोपायचो आम्ही," काका अभिमानाने सांगतात. "किती राहिलंय ते पिंप स्वतः सांगतं. माणसाला ऐकायची सवय पाहिजे." यापुढे त्यांचं ठरलेलं वाक्य येतं, "वस्तू पुरत नसते विद्या, पुरवावी लागते."

डोंबिवलीतल्या आमच्या इमारतीत असं रत्न असल्यावर लोक त्याला मोकळं कसं सोडतील? गणपतीच्या प्रसादाला रवा किती, बुद्धपौर्णिमेच्या खिरीला दूध किती, पाण्याचा टँकर आज मागवायचा की उद्या, सगळं काकांना विचारून. दुसऱ्या मजल्यावर म्हात्रेकाकू राहतात. आमची इमारत उभी आहे ती जमीन एके काळी त्यांच्या सासऱ्यांची भातशेती होती, त्यामुळे अजूनही इमारतीत काही बिनसलं की त्या बांधावर उभं राहावं तशा जिन्यात उभ्या राहतात. त्यांच्या घरच्या हळदीला किती माणूस जेवणार हे प्रत्यक्ष म्हात्रेकाकूंना सांगता येत नाही. आमंत्रण शंभरांना, जेवायला गाव. तो अंदाज या पृथ्वीवर फक्त साळवेकाका बांधू शकतात, आणि आजवर तिथून कोणी उपाशी गेलेलं नाही.

साळवेकाकांच्या अंदाजाला एकच माणूस सुरुंग लावायचं. सुमनकाकू. त्यांचा हात सढळ. काकांनी तेलाच्या बरणीकडे बघून "संक्रांत" म्हणावं आणि काकूंनी त्याच संध्याकाळी अख्ख्या मजल्याला भजी घालावीत. काका कुरकुरले की त्या म्हणायच्या, "तुम्ही अंदाज बांधा, मी मोडते. दोघांनी बांधत बसलो तर खायचं कोणी?" काका आमच्याकडे येऊन तक्रार करायचे, पण तक्रार करताना त्यांच्या हातात भज्यांची बशी असायची.

गेल्या वर्षी सुमनकाकू गेल्या. दुपारचा चहा टाकायला उठल्या आणि तिथेच बसल्या, पुन्हा उठल्या नाहीत. त्याचा अंदाज काकांना आला नव्हता. नंतर कित्येक महिने ते कोणाच्या घरी आले नाहीत. आमची पेस्ट न सांगता संपायची, गॅस पाहुणे आलेले असताना जायचा. त्यांची मुलगी रमा नागपूरला असते. ती न्यायला आली, तर म्हणाले, "तिकडे मला कशाचाच अंदाज येत नाही गं. पाणीसुद्धा चोवीस तास येतं तुमच्याकडे." रमा जाताना मला एकच सांगून गेली, की ताई, बाबांच्या डोळ्यांच्या थेंबांवर लक्ष ठेवा.

काकांना काचबिंदू आहे. त्यात डोळ्यातला दाब वाढतो आणि नजर कडेकडेने जायला लागते. गेली ती गेलीच, परत आणता येत नाही. असलेली राखायची तर सकाळ-संध्याकाळ दोन्ही डोळ्यांत एकेक थेंब, न चुकता, जन्मभर. मी काकांना विचारत राहायचे, "थेंब घातले ना?" ते म्हणायचे, "घालतोय, घालतोय." आणि एके सकाळी ते बाटली घेऊन आमच्या दारात उभे राहिले. कपडे इस्त्रीचे, चेहरा गंभीर.

"विद्या, एक काम होतं. शास्त्रीय."

मी त्यांना बसवलं. काकांनी बाटली माझ्यापुढे धरली. "यात औषध ठरलेलं. पण थेंब ठरलेला आहे का? नाही. थेंब कंपनी बनवत नाही, हात बनवतो. जड हाताचा थेंब लिंबाएवढा पडतो, हलक्या हाताचा मोहरीएवढा. मग बाटली किती पुरणार हे कशावर? औषधावर नाही. हातावर. आजवर हा विचार कोणी केलेला नाही. मला आपल्या इमारतीतले सगळे हात तपासायचेत."

माझ्याकडे शिकवणीची पोरं यायला अजून वेळ होता. मी हात धुऊन आले. काका खुर्चीत मान मागे टाकून बसले, दोन्ही हातांनी खुर्चीचे दांडे धरले आणि तोंड उघडलं. तोंडाचा या कामाशी काय संबंध, हे मला अजून कळलेलं नाही. मी खालची पापणी ओढून थेंब टाकला. मग दुसऱ्या डोळ्यात. काका बराच वेळ डोळे मिटून बसले आणि मग निकाल आला, "मध्यम. जरा घाईचा. पण वाया जात नाही. चांगल्या घरातला हात आहे." मला उगाचच पास झाल्यासारखं वाटलं आणि मी दिवसभर सगळ्यांना सांगत सुटले.

चूक तिथेच झाली. संध्याकाळपर्यंत इमारतीत बातमी गेली की साळवेकाका परत अंदाज बांधायला लागलेत आणि विद्याचा हात मध्यम निघालाय. दुसऱ्या दिवशी म्हात्रेकाकू पदर खोचून जिन्यात हजर. "काय साल्वे, तिचा मध्यम तं माजा कसा हाय ते पन सांगा." त्यांनी काकांची हनुवटी धरून मान मागे केली, काका काही बोलायच्या आत दोन्ही डोळ्यांत थेंब पडलेले. काका थक्क. "हलका," ते म्हणाले. "एकदम हलका. पडला ते कळलंच नाही." म्हात्रेकाकूंनी वर आमच्या दाराकडे बघितलं. त्या दिवसापासून त्या भाजीवालीलाही मी मध्यम आहे असं सांगतात.

आमचे सेक्रेटरी कुलकर्णी सर. आयुष्यभर गणित शिकवलं, वर्गात पोरगं चुकलं तर त्याला बाकावर उभं करणारे. त्यांचा पहिला थेंब काकांच्या नाकावर पडला, दुसरा मिशीत आणि तिसरा स्वतःच्याच चष्म्यावर. काकांनी सौम्यपणे सांगितलं, "सरांचा थेंब पत्ता विसरतो." सरांनी फेरतपासणी मागितली. तोवर त्यांनी घरी सराव केला, बायकोच्या डोळ्यांत साधं पाणी घालून. चार दिवस कुलकर्णीबाई डोळे लाल करून खाली उतरत होत्या आणि लोकांना वाटलं दोघांचं भांडण झालंय. त्या ज्या दिवशी हसत खाली आल्या त्या दिवशी सर फेरतपासणीत पास झाले, पण काकांनी शेरा मारलाच, "बेभरवशाचा. पण प्रामाणिक."

मग तर ताळतंत्रच सुटलं. घरोघर सराव चालू झाला. बायकांनी नवऱ्यांना सोफ्यावर आडवं पाडलं. नितीनच्या डोळ्यांत मी इतकं गुलाबपाणी घातलं की ऑफिसात त्याला एकाने हळूच विचारलं, घरी सगळं ठीक आहे ना? सकाळचा थेंब कोणाकडे, संध्याकाळचा कोणाकडे यावरून जिन्यात शब्दाला शब्द लागायला लागला. सोसायटीच्या मीटिंगमध्ये गच्चीच्या गळतीचा विषय निघाला, आणि तिथून गाडी गळतीवरून थेंबावर आली ती परत गच्चीवर गेलीच नाही. काका मध्ये बसून सगळ्यांचं ऐकत होते. किती महिन्यांनी मी त्यांना पोट धरून हसताना बघत होते. रमाचा फोन आला तेव्हा मी तिला बिनधास्त सांगितलं, "अगं, तुझ्या बाबांच्या थेंबांवर एक माणूस काय, अख्खी इमारत लक्ष ठेवून आहे."

एप्रिलच्या शेवटी म्हात्रेकाकूंच्या नातवाची हळद होती. काकांनी आधीच जाहीर करून टाकलं होतं, "ही बाटली हळदीच्या संध्याकाळी संपणार. दुसऱ्या डोळ्यानंतर." हळद लागली, मांडवात डीजे चालू झाला, खालच्या गल्लीतल्या खिडक्या थरथरायला लागल्या. अशात म्हात्रेकाकूंनी हात वर करून डीजे थांबवला. नवरदेवाला वाटलं काही विधी राहिलाय. काकूंनी हळदीने माखलेले हात साबणाने खसाखसा धुतले, काकांना नवरदेवाच्या शेजारच्या पाटावर बसवलं आणि पाचशे माणसांच्या समोर बाटली उलटी केली. उजव्या डोळ्यात थेंब पडला. डाव्या डोळ्यात पडला. तिसऱ्यांदा दाबली तर नुसती हवा. "संपली," काकू ओरडल्या आणि डीजेवाल्याने जे काय लावलं त्यावर नवरदेवाच्या मामांनी साळवेकाकांना खांद्यावर घेतलं. जेवणसुद्धा त्या रात्री बरोब्बर पुरलं.

नवी बाटली दुसऱ्या दिवशी उघडली. पोरांच्या परीक्षा संपल्या आणि आमची इमारत दरवर्षीसारखी रिकामी व्हायला लागली. कुलकर्णी सर मुलाकडे बंगळूरला. म्हात्रेकाकू नव्या जोडप्याला घेऊन कुलदैवताला आणि तिथून लेकीकडे. आम्ही नितीनच्या गावी, संगमेश्वरला. निघताना मी काकांना विचारलं, "बाटली कधी संपणार?"

"तुम्ही आणलेले आंबे पिकायला लागतील तेव्हा," काका म्हणाले. "कच्चे आण."

मी कच्चेच आणले. पेटीतला पहिला आंबा पिवळा झाला त्या दिवशी तो बशीत घेऊन मी काकांकडे गेले. काका खिडकीशी बसले होते. त्यांनी आंबा हुंगला, देठाशी दाबला आणि म्हणाले, "आज नको, उद्या सकाळी खा." मी हसले आणि सहज टेबलावरची बाटली उचलली. इतकी वर्षं काकांच्या शेजारी राहून माझ्या बोटांनाही थोडं कळायला लागलंय. बाटली जड होती. जवळजवळ जशी आणली तशी.

"काका, ही संपायला आली असायला हवी होती."

काका खिडकीबाहेर बघत होते. "चुकला असेल माझा अंदाज," ते म्हणाले.

मी खाली बसले. साळवेकाकांनी हे वाक्य म्हटल्याचं मी कधी ऐकलं नव्हतं, कोणीच ऐकलं नव्हतं. आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी अंदाज चुकल्याचं कबूल केलं होतं आणि ते साफ खोटं होतं. अंदाज बरोबरच होता. थेंबच डोळ्यांत गेले नव्हते.

"आम्ही नव्हतो तेव्हा थेंब कोणी घातले?"

"कोणी म्हणजे? मी."

"आत्ता घाला. माझ्यासमोर."

त्यांनी बाटली घेतली, मान मागे टाकली, तोंड उघडलं. हात डोळ्याजवळ आला आणि थेंब सुटायच्या आत डोळा घट्ट मिटला. थेंब गालावरून कानात गेला. दुसऱ्यांदा तेच. तिसऱ्यांदा त्यांनी बाटलीला झाकण लावलं.

"डोळा ऐकत नाही गं माझा," काका म्हणाले. "डेपोत ग्रीस उडालं तरी मिटायचा नाही, आणि ही बाटली दिसली की मिटतो. सुमन घालायची. पहिल्या दिवसापासून तीच घालायची. मला बाटली कधी हातात धरावी लागली नाही. ती गेल्यावर बरेच दिवस असेच गेले, मग तुमचे हात तपासायचं डोक्यात आलं. तुम्ही गेलात तेव्हा दोन दिवस केली खटपट. नुसते गाल धुऊन निघाले. मग म्हटलं, औषध वाया कशाला घालवायचं, ठेवून दिली."

मला राग आला आणि रडू आलं. दोन्ही एकदम आलं की माझा आवाज चिरका होतो, त्यामुळे नंतर शेजारच्या इमारतीतल्या बाईंनीही काय झालं म्हणून विचारलं. "कोणालाही सांगायचं होतं," मी ओरडत होते. "मेडिकलवाल्याला सांगायचं, वॉचमनला सांगायचं. शास्त्रीय प्रयोग आहे म्हणायचं, आम्हाला गुंडाळलंत तसं त्यालाही गुंडाळायचं होतं."

"वॉचमनला म्हटलं होतं, तुझा हात बघायचाय," काका खालच्या आवाजात म्हणाले. "त्याने तळहात पुढे केला आणि विचारलं, शादी कब होगी. मग मी पुढचं बोललो नाही."

मला हसू फुटलं आणि त्याचाही राग आला. काका, नजर गेली तर परत येत नाही, एवढं तरी कळतं ना तुम्हाला, असं मी विचारलं. ते म्हणाले, कळतं. मग मी त्यांच्या दोन्ही डोळ्यांत थेंब घातले आणि दुसऱ्या दिवशी सकाळी ठाण्याच्या डोळ्यांच्या डॉक्टरीणबाईंकडे त्यांना घेऊन निघाले.

रिक्षा शीळफाट्याला अडकली. तिथे ती अडकणारच होती. मला एकीकडे धाकधूक, आणि काका पुढे वाकून रिक्षाचं इंजिन ऐकत होते. "दादा," ते ड्रायव्हरला म्हणाले, "तुमचा गॅस मुंब्र्याच्या चढाला संपणार." ड्रायव्हर म्हणाला, "काय काका, सकाळी सकाळी असं बोलतात का? कालच भरलाय." चढाला रिक्षाने आचके दिले. ड्रायव्हर उतरला, एकदा रिक्षाकडे आणि एकदा काकांकडे बघितलं, आणि दुसरी रिक्षा मिळवून द्यायला असा धावला की बस. त्याला काका आता पुढे अजून कशाबद्दल बोलतील याची भीती वाटत असावी.

डॉक्टरीणबाईंनी दाब मोजला. वाढला होता, चांगलाच वाढला होता. मग त्यांनी काकांना एका यंत्रापुढे बसवून कडेची नजर तपासली आणि मी बाहेरच्या बाकावर बसून मला न जमणाऱ्या गोष्टी देवाला कबूल केल्या. तपासणी झाल्यावर मला आत बोलावलं. नजर होती तेवढी होती. "पण अजून थोडे दिवस उशीर केला असता तर हे मी सांगू शकले नसते," बाई कडक आवाजात म्हणाल्या. "घरी थेंब कोण घालतं?"

"इमारत," काका म्हणाले.

बाईंनी माझ्याकडे बघितलं. मी सगळं सांगितलं, हळदीच्या मांडवासकट. बाई आधी हसल्या नाहीत, मग इतक्या हसल्या की त्यांनाच डोळे पुसावे लागले. "साळवे, डोळा मिटतो ना? मिटू दे. आडवे व्हा, डोळा मिटूनच ठेवा आणि नाकाच्या बाजूच्या कोपऱ्यात थेंब टाका. टाकलात? आता उघडा." काका तिथल्या बाकड्यावर आडवे होते. त्यांनी डोळा उघडला आणि थेंब आपसूक आत गेला. काकांचा चेहरा बघण्यासारखा झाला. त्यांनी दुसऱ्या डोळ्याचंही तसंच केलं. मग उठून बसले, स्वतःच्या उजव्या हाताकडे वळवून वळवून बघितलं आणि म्हणाले, "हलका आहे गं. म्हात्रेबाईंपेक्षा हलका." बाहेर येऊन त्यांनी ओळीत बसलेल्या सगळ्या पेशंटना ही युक्ती शिकवली, तिघांचे हात तपासले आणि एका आजोबांना जड ठरवून नाराज केलं. मी त्यांना ओढून बाहेर काढलं.

येताना मी आनंदात होते. बसमध्येच इमारतीच्या ग्रुपवर टाकलं, की काकांना स्वतःचे थेंब स्वतः घालता येतात, आता कोणी काळजी करू नये. कुलकर्णी सरांनी बंगळूरहून अंगठा पाठवला. म्हात्रेकाकूंनी फोनच केला. "चांगलं झालं गो," त्या म्हणाल्या, आणि जरा थांबून, "मंग आता सकालचा मी काय करू?" काका शेजारच्या सीटवर बसून ऐकत होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी बेल वाजली. दारात काका, इस्त्रीचे कपडे, हातात बाटली.

"जमलं नाही का?" मी विचारलं.

"जमलं की. काल संध्याकाळी घातला, एका फटक्यात. आत्ताही जमेल."

"मग?"

ते दारातच उभे राहिले. बाटली या हातातून त्या हातात करत राहिले. "आडवं व्हायचं, थेंब घालायचा, उठायचं," काका म्हणाले. "झालं. कोणाचं दार वाजवायचं नाही, कोणी 'वर बघा' म्हणत नाही. दिव्यात असल्यापासून मी हेच बघत आलो, काही संपायच्या आत पुढची सोय. आता घरात बघतो तर तेल तसंच आहे, साखर तशीच. गॅस तर संपायचं नावच घेत नाही. एकट्या माणसाचं काहीच संपत नाही गं विद्या. दिवससुद्धा नाही."

सुमनकाकू असत्या तर त्यांनी काहीतरी बोलून त्यांना हसवलं असतं. मला त्यांची इतकी आठवण आली की मी वळून आत गेले, हात धुतले, जरा जास्तच वेळ धुतले. मग खिडकीजवळ उजेडात खुर्ची ओढली.

"बसा काका. वर बघा."

ते बसले. खुर्चीचे दांडे धरले, मान मागे टाकली आणि वर बघितलं. मी खालची पापणी ओढली. डोळा आधीच काठोकाठ भरलेला होता. थेंबाला जागा होईपर्यंत मी बाटली तशीच धरून थांबले.